सहकार्य भत्ता

सात नंबरच्या मशीनवर
पहिल्या पाळीला हिरामण तायडे, दुसरीला मी.
साडेतीनला तो हात पुसतो
आणि वेस्टचा तोच बोळा माझ्याकडे टाकतो.
कूलंटचा वास दोघांच्या अंगाला सारखा.
त्याचे गिअर चारशे बारा,
माझे चारशे बारा.
कधी माझे चारशे नऊ. रजिस्टरला आहे, लपवू कशाला.

पगाराची पावती मात्र
त्याची बारा ओळींची, माझी तेरा.
तेरावी ओळ: विशेष सहकार्य भत्ता,
रुपये दोन हजार तीनशे चाळीस.

सहकार्य कुणाशी, ते छापलेलं नाही.
मला ठाऊक आहे.
एचआरच्या केबिनमधला गारठा,
बेंद्रे साहेबांनी पुढे सरकवलेला कागद,
मी कोणत्याही संघटनेचा सभासद नाही व राहणार नाही,
आणि पेन, टोपण आधीच काढलेलं.
वाचायला वेळ दिला त्यांनी, खोटं का बोलू.
चहाही आला. बशीसकट.

त्याच खुर्चीत बसून हिरामणने
पेनाला टोपण लावलं म्हणे,
आणि पेन परत दिलं.

यावर आम्ही कधी बोललो नाही.
'टूल बदललंस?'
'आत्ताच. दोन पॉइंट ऑफसेट घेतलाय.'
मशीनला पगार नसतो,
म्हणून तिच्याबद्दल मोकळं बोलता येतं.

पहिल्या महिन्यात निर्मलेने कुकर घेतला, पाच लिटरचा.
मग मुलीचा क्लास.
मग त्या पैशांना घरात जागा झाली,
आणि जागा झालेल्या वस्तूला
कुठून आलीस, असं कोण विचारतं?

शिवाजीनगरला, औद्योगिक न्यायालयात, तारखा पडत होत्या.
एकाहत्तरचा कायदा, चौथी अनुसूची, बाब पाच.
गुणवत्ता न बघता एका गटाला झुकतं माप,
ही अनुचित प्रथा.
हिरामणला ते पाढ्यासारखं पाठ.
कंपनीचं म्हणणं लेखी आलं:
भेदभाव नाही. ज्यांना जास्त, त्यांचं काम सरस.

म्हणजे मी सरस.
हॉब बोथट झाला की आवाज जाड होतो,
डोळे मिटून ऐक,
हे मला ज्याने शिकवलं
त्याच्यापेक्षा मी
दोन हजार तीनशे चाळीस रुपयांनी सरस.

त्या रात्री मशीन नुसती ऐकत बसलो.
तीनशे एक्क्याऐंशीच निघाले.

वकील शेवाळेबाईंना एक पावती हवी होती, तेरा ओळींची.
आणि पावती एकटी बोलत नाही म्हणाल्या,
सोबत माणूस लागतो.
हे हिरामणने मला सांगितलं.
मागितलं नाही.
बोळा टाकला, डबा उचलला,
गेटकडे चालू लागला, नेहमीसारखा जरा डावीकडे झुकून.
तेरा ओळीवाले आम्ही सदतीस जण.
सगळ्यांच्या घरी काही ना काही शिजत होतं.

निर्मलेला सांगितलं तेव्हा ती कणीक मळत होती.
'भत्ता जाईल?'
'भत्ता जाईल. कदाचित मीही.'
बराच वेळ ती मळतच राहिली.
मग म्हणाली, कुकर कुठे परत मागतायत ते.

मंगळवारी रजा टाकली. कारण: घरगुती.
भोसरीहून बस, दापोडीच्या पुलावर अर्धा तास.
वरच्या खिशात पावती, चार घड्या.
दर सिग्नलला हात लावून बघितली,
असावी म्हणून की नसावी म्हणून,
ते आजही सांगता येणार नाही.

कोर्टाच्या व्हरांड्यात बाक होता.
हिरामण इस्त्रीच्या शर्टात, ओळखूच येईना.
मला बघून काही बोलला नाही,
फक्त सरकला, एका माणसाएवढा.

बसलो.
सहा वर्षांत पहिल्यांदाच
आम्ही दोघं एकाच पाळीला.
सात नंबरवर आज कोण आहे,
आवाज ऐकतोय का तो,
कुणास ठाऊक.