गुडघे

मी बसडेपोत फिटर. ब्रेक, बेअरिंगं, गळके पाइप.
रात्री गुडघे करतो,
वाटाण्याएवढे, पितळेचे,
बहिणीच्या बाहुल्यांसाठी.

"फार सैल नको, हिलार," विर्वे म्हणते,
"आणि आवळूनही टाकू नकोस.
चालता चालता काही आठवलं की माणूस थांबतो ना,
तसं थांबता आलं पाहिजे त्याला."
किती मिलिमीटर, मी विचारतो.
ती आकडा सांगत नाही.

इथे विल्यांडीत डिसेंबरात तीनलाच दिवस मिटतो.
तिला ते बरं. ऊन तिचा वैरी :
दोन चित्रांच्या मधे चोरपावलांनी सरकतं
आणि पडद्यावर खोलीभर पिसाळून नाचतं.
सकाळी ती बेकरीत पाव भाजते.
आयकराच्या फॉर्मवर, व्यवसायाच्या रकान्यात,
'इतर' लिहिते.

टेबलावर तळं गोठलंय : काच, वर मेण, वर मीठ.
त्यावरून टपाल घेऊन एक पोस्टमन निघालाय.
कोट माझ्या जुन्या मफलरचा.
बोट लागलं की लोकर हलते,
मग पडद्यावर कोट आपला आपणच थरथरतो.
"हे काढता नाही येत?"
"वारा आहे म्हणायचं."

सेकंदाला बारा चित्रं.
वाकायचं, केसभर हलवायचं, मागे यायचं, श्वास धरायचा,
टिपायचं.
पुन्हा वाकायचं.
तिच्या कमरेचा सांधा मला करता येत नाही.

एका बुधवारी पहाटे रस्त्यावरून बर्फ ढकलणारी गाडी गेली.
टेबल हादरलं. पोस्टमन उताणा,
पिशवी मिठात.
उजवा गुडघा निसटला होता. माझाच.

मी अर्धा आटा आवळला, तोंडातून शब्द निघेना.
आधीचं चित्र समोर ठेवून ती त्याला उभा करत राहिली
दुपारपर्यंत. जवळजवळ जमलं.
जवळजवळच.
तेव्हा तिने त्याला खाली बघायला लावलं, बर्फाकडे.
मग पिशवी चाचपली त्याने, एकेक पत्र.
कथेत हे नव्हतं.
पाच सेकंद. नऊ दिवस.

वाचनालयात चादर ताणून दाखवला सिनेमा.
एकोणीस खुर्च्या, चार मिनिटं.
मी फक्त गुडघे बघत होतो.
ती जागा आली तशी
शेजारच्या एंडलाबाईंनी माझी बाही घट्ट धरली.
तीस वर्षं बसमधे तिकिटं फाडलेली बाई.
पुटपुटल्या, "जाऊ नको रे पुढे."
तो गेला.

काल विर्वेचा फोन :
"नवी म्हातारी आहे. जिने चढायचेत तिला.
दुखणारे गुडघे हवेत."

दुखणारे कसे करतात गं?

"उठ खुर्चीवरून," ती म्हणाली, "आणि हळू उठ."