ओहोटी, भाग आठ

खेळाचं खरं नाव वेगळं आहे.
घरी फोनवर सांगताना मी ‘ओहोटी’ म्हणते,
आणि इचलकरंजीहून आई विचारते,
अजून तेच भूत? पोट भरत नाही का मेल्याचं?

नाही भरत.
सात भाग झाले, आठवा नोव्हेंबरात,
नववा न् दहावा फर्गसच्या भिंतीवर
पिवळ्या चिठ्ठ्यांत चिकटलेत, २०३४ पर्यंत.
डंडीतून तागाच्या गिरण्या गेल्या,
मुरंब्याचे कारखाने गेले,
भूत तेवढं टिकलं.
चाळीस घरांच्या चुली त्याच्यावर पेटतात,
त्यातली एक माझी.

माझं काम हाडं मोडायचं.
शेलरीची जुडी पिळली की मनगट,
ओल्या फडक्यात गुंडाळून शेवग्याची शेंग मोडली की मान.
शेंगा हिलटाउनच्या दुकानात शुक्रवारी येतात.
दाराची करकर मात्र खरी,
आमच्याच संडासाची.

आणि किंकाळी
आइलसा गेडीजची.
पहिल्या भागाला नटीपुरते पैसे नव्हते,
म्हणून तिला कँटीनमधून जिन्यात बोलावलं,
बटाटे सोलायची सुरी हातात तशीच.
एकदाच ओरडली.
वीस पौंड आणि मासे-चिप्स, व्हिनेगर जास्त.
तेव्हापासून प्रत्येक भागात
धुक्यातून एक बाई होडीकडे धावते,
दोरीला हात लागतो न लागतो
तोच पाण्यातून ते येतं.
लाखो घरांत तिला मरताना ऐकलंय,
कोणी पांघरुणात, कोणी पिझ्झा खात.

आइलसा फेब्रुवारीत गेली.
झोपेत. आवाज न करता.

मग वकील आले. सही हवी होती.
किंकाळी बदलली तर चाहते पेटतील, फर्गस म्हणाला,
तो ब्रँड आहे.
मी मनात म्हटलं, कुळाचार.

मुलगी आली, शीना. बस चालवते.
गणवेशातच बसली, चहा घेतला नाही,
सगळी पानं वाचली, मग म्हणाली,
पैसे हवेत. नकोत असं मुळीच नाही.
पण या वेळी आईला पलीकडे पोचू द्या.

कोणाची खुर्ची हलली नाही.
फर्गसने समजावलं, हळू, लहान मुलाला समजावतात तसं.
ती पोचली तर मागे उरतं काय?
नवव्यात कोण मरणार?
ते तुम्ही बघा, शीना म्हणाली, शिकलेले तुम्ही.

शेवटी कलम अकरा निघालं:
पात्राच्या पुढील प्रवासाची शक्यता
नाकारली जाणार नाही.
भिंतीवर रंगवलेलं दार.
तिने सही केली.
जाताना एक पिशवी माझ्यापुढे ठेवली,
आवाजाच्या तुम्हीच ना?
आत कँटीनचे बूट, पांढरे,
टाचेला झिजलेले, डावा जास्त.

काल सगळे गेल्यावर मी ते घातले.
दोन नंबर मोठे. मोज्यांवर मोजे चढवले,
बादलीत पाय बुडवले
आणि मागच्या दगडी पायऱ्या चढले, तेरा,
डावा पाय किंचित ओढत,
सातवीवर दम घेऊन.

ते आता खेळात आहे. फर्गसला ठाऊक नाही.
किंकाळी होते, पडदा काळा होतो,
आणि बटण न दाबता
कोणी वीस सेकंद नुसतं उभं राहिलं
तर पलीकडच्या काठावर
पाणी निथळत कोणीतरी वर चढतं.

इतकं कोणी थांबत नाही.
थांबलात की मेलात,
हे आम्हीच शिकवलंय, सात भाग.

घरी येताना टे नदीवर धुकं होतं,
समोरच्या न्यूपोर्टचा एक दिवा दिसेना.
पुलावरून शेवटची गाडी गेली,
रेकॉर्डर खिशात होता, काढला नाही.
बुटांत वर्तमानपत्र कोंबून
हीटरखाली ठेवलेत.
शनिवारपर्यंत वाळायला हवेत,
शीनाला परत द्यायचेत.