बर्फाच्या वहीत स्पॅनिश

देवगड बंदरावर बर्फाच्या कारखान्यात माझी रात्रपाळी.
कॉम्प्रेसर धापा टाकतो,
अमोनिया नाकात कायमचा भाडेकरू,
आणि लादी धरायला अजून चार तास.
आपल्याकडचे खेळाडू दोनपर्यंत गळतात.
उरतात ते ज्यांच्याकडे अजून
कालचीच दुपार चालू आहे.

त्यांच्याशी बोलण्यापुरतं शिकलो.
व्याकरण नाही. मरू नये इतकंच.

क्विदादो.
पहिला आठवडाभर सगळे हेच ओरडायचे.
मला वाटलं टीममधला कोणी दादा असेल,
त्याला शोधत मी भिंतीबाहेर जायचो
आणि गोळी खायचो.
सांभाळ, असा अर्थ आहे.

कूब्रेमे, मी पुढे जातो, तू मागून बघ.
नो तेंगो बालास, गोळ्या संपल्या.
हे घरी ओरडलो तेव्हा आवस दारात आली,
"कोणाचा बाळ रे हरावला?"
एस्पेरा म्हणजे थांब, पण घाईत तोंडातून
"रव मरे" जातं,
आणि विल्मेर रवतो. कसं कळतं कोण जाणे.

सगळ्यात कामाचं वाक्य त्यानेच दिलं:
से फुए ला लूस. लाईट गेली.
त्याच्याकडेही जाते म्हणे.

हे सगळं उधारीच्या वहीत, मागच्या पानांवर.
मोंडकरशेठ एकदा चष्मा वर करून बसला.
"हो पेर्दोन कोण रे? खयच्या बोटीवरचो?"
माणूस नाय शेठ. माफ करा, असं म्हणतात ते.
"माझ्या वहीत माफ काय नसता," म्हणाला,
आणि पान उलटलं.

मग त्या रात्री, पुलावर,
तिघे एकदम अंगावर आले.
शिकलेलं सगळं धुऊन गेलं आणि मी ओरडलो,
मार! मार! मार!

विल्मेर जागच्या जागी उभा.
बंदूक खाली.
दोंदे? कुठे?
तेवढ्यात आम्ही दोघे मेलो.

मेल्यावर बोलायला वेळ असतो.
त्याच्या भाषेत मार म्हणजे समुद्र.
तो ओरूरोचा, खाणीतल्या माणसांचं गाव, इतकं उंच
की पाहुण्यांना धाप लागते.
त्याच्या देशाला समुद्र नाही.
होता. लढाईत गेला, पणजोबांच्याही आधी,
आणि अजून मार्च महिन्यात शाळेची पोरं
त्याच्यासाठी मिरवणुकीत चालतात.

मी काय बोलणार?
खेळात माझं नाव तांडेल.
बाप खरा तांडेल.
मी बंदराबाहेर होडी गेली की ओकतो,
म्हणून तर बर्फ.

सेर्का? त्याने विचारलं. जवळ आहे?
सी, म्हटलं. वीस पावलं.
चप्पल न घालताच जेटीच्या टोकाला गेलो
आणि फोन पाण्याकडे धरला.

ओहोटी. मतलई सुटलेला.
इतक्या वर्षांत समुद्र इतका गप्प
मी बघितला नव्हता.
एक कुत्रं. कोणीतरी होडीत खोकलं.
लांब कुठे बर्फ फोडत होते.

नो से ओये नादा, विल्मेर म्हणाला.
नादा म्हणजे काहीच नाही.
आमच्यात नाद म्हणजे आवाज, हे त्याला
कुठल्या शब्दांत सांगायचं ते वहीत नव्हतं.
फोन खाली घेणार तेवढ्यात तो म्हणाला,
एस्पेरा.
मी रवलो.

साडेचारला खाडीत दिवे हलायला लागले.
पहिली बोट बर्फाला येते ती येतेच.
फोनवर म्हटलं, या बुएल्बो.
हे मात्र मला पाठ करावं लागलं नव्हतं.
बाबा पहाटे निघताना उंबऱ्यात तेच म्हणतो, येतंय,
जातंय कधी म्हणत नाही.

लाद्या बावीस. फोडणावळ वेगळी.
पैसे सोमवारी देतो म्हणाला.