वहिवाट

चौकशी गावच्या हॉलमध्ये भरली.
जमिनीवर बॅडमिंटनच्या पिवळ्या रेघा,
आणि इन्स्पेक्टरसाहेबांचं टेबल
नेमकं सर्व्हिसच्या चौकोनात.
मी काउंटीचा नकाशेवाला. माझं काम
१८६३ ची गुंडाळी उलगडून
चार कोपऱ्यांवर चार कप ठेवणं.

वाद साडेतीनशे यार्डांचा.
चर्चच्या गल्लीपासून नदीतल्या टप्प्यांच्या दगडांपर्यंत,
मधे फॉदरगिलांचं कुरण, एक दगडी गडगा,
आणि मागच्या ईस्टरपासून फाटकाला कुलूप.

कायदा वीस वर्षं मागतो, आणि तीन 'नाही'.
बळजबरीनं नाही.
लपूनछपून नाही.
कुणाला विचारून नाही.
म्हणजे असं चालायचं, की वाट आपलीच आहे,
आणि मालकानं बघायचं,
आणि काही बोलायचं नाही.

सव्वीस जणांनी फॉर्म भरले होते,
नकाशावर आपापली पेन्सिल ओढून.
एकाची रेघ थेट ओढ्यातून गेलेली.
'सोबत कोण असे?' या रकान्यात
एकीनं तीन कुत्र्यांची नावं लिहिली होती,
दोघांपुढे क्रूस.

मग ईनिड थ्रेलकेल्ड उभ्या राहिल्या, वय त्र्याऐंशी.
नवऱ्याचा डबा घेऊन पाटीच्या दगडाच्या खाणीवर,
एकसष्ट सालापासून, रोज सव्वाअकराला.
खाण बंद पडली तरी त्याच वेळेला.
तो गेला तरी.
"पायांना कुणी कळवलं नव्हतं," म्हणाल्या.

बॅरिस्टर फार मऊ बोलला.
"कधी परवानगी मागितली होतीत, बाई?"
अख्ख्या हॉलनं मनातल्या मनात
नाही म्हटलं.

"एकदा," त्या म्हणाल्या.
"चौऱ्याहत्तरच्या वसंतात. मेंढ्या विणीला आलेल्या.
थोरल्या फॉदरगिलांना फाटकाशी विचारलं, जाऊ का?
ते हसले. म्हणाले,
नदी विचारते का, वाहू का म्हणून?"

बॅरिस्टरनं लिहून घेतलं: विचारलं.
आमच्या वकीलबाईंनी लिहून घेतलं: हसले.
इन्स्पेक्टरसाहेबांनी पेन खाली ठेवलं,
आणि बराच वेळ नुसता
चहाच्या बंबाचा आवाज.

कुणी त्यांना दोष दिला नाही, उघड तरी नाही.
जेवणाच्या सुट्टीत शेजारची खुर्ची तेवढी रिकामी राहिली.
मी जाऊन बसलो.
सँडविचची कड सोलत त्या म्हणाल्या,
"गाभण्या मेंढ्यांतून जाताना विचारावं,
असं आमची आई सांगायची.
तिनं कायदा नव्हता वाचला."

दुपारी स्थळपाहणी. नियम आधीच वाचून दाखवला:
तिथं पुरावा घेतला जाणार नाही,
फक्त बघायचं.
कुलूप निघालं. ओल्या गवतातून आम्ही
एकामागून एक, मुंग्यांसारखे.

गडग्यात चार दगडी पायऱ्या, भिंतीतून बाहेर आलेल्या.
बॅरिस्टरनं तिसरीवर पाय दिला, ती डुगडुगली,
हात हवेत, फाइल चिखलात,
इन्स्पेक्टरसाहेब ती उचलायला वाकले.
मागून पियर्स फॉदरगिल आले,
जमिनीचे धनी. सकाळी शपथेवर म्हणाले होते,
पायऱ्या कसल्या, ढासळलेली भिंत ती,
आमच्या घरातलं कुणी कधी तिकडून गेलं नाही.
फोन कानाला, नजर कुठेतरी दूर,
डावा पाय पहिलीवर,
उजवा दुसरीवर,
तिसरी
सोडून दिली,
तळवा माथ्यावरच्या गुळगुळीत दगडावर,
आणि शाळेला उशीर झालेल्या पोरासारखे
पलीकडे.

मी बघितलं.
अलीकडे थांबलेल्या ईनिडबाईंनीही बघितलं.
त्यांनी हातरुमाल काढला, नाक पुसलं, परत ठेवला.
पुरावा घ्यायची वेळ नव्हती ती.

निकाल अकरा आठवड्यांनी आला,
बेचाळीस परिच्छेदांचा. आमच्या कचेरीत आहे,
अर्ज केला की कुणालाही वाचता येतो.
तिसऱ्या पायरीचा त्यात उल्लेख नाही,
म्हणून इथं लिहून ठेवतो.