एका खेपेत एक गणित

दिवाडी ते जुने गोवे, पाणी ओलांडायला सहा मिनिटं.
तेवढ्यात होईल तेवढंच शिकवीन, म्हणाल्या फ्लाव्हिया बाई,
आणि पर्समधून खडू काढून
फेरीच्या लोखंडी तळावर दोन अक्ष आखले.
त्यातला एक कुणाच्या तरी स्कूटरखालून गेला.

मी दोर टाकणारा. सोयरू. बेचाळीस पुरी.
दहावीचा कागद नाही
म्हणून सोळा वर्षं दोरच टाकतोय.

सोमवारी चढ.
'धक्का बघ. सहा हात आडवा गेलास
की एक हात वर येतोस.
एक छेद सहा. हाच चढ.
याला भिऊन शाळा सोडलीस?'
शाळा मी दुसऱ्याच कारणानं सोडली होती,
पण तेवढ्यात धक्का आला.

मंगळवारी समोरून दुसरी फेरी येत होती.
'तिची वाट आणि आपली वाट. चढ एकच, सी वेगळा.
म्हणून भेट नाही.'
भेटल्या तर चौकशी बसते, मी म्हटलं.
मग जरा धीर करून म्हटलं,
बाई, आमचा थोरला कुवेतला आहे,
त्याचं नि माझंही असंच, वळण एक, पण
'माणसं आणू नकोस गणितात,' बाई म्हणाल्या,
'मार्क मिळत नाहीत.'

बुधवारी लंब.
उलटा कर, खूण बदल.
दोनचा उणे एक छेद दोन.
गुणाकार उणे एक आलाच पाहिजे,
नाही आला तर काटकोन नाही,
मग डोळ्यांना काही का वाटेना.
आन्तोनेतनं खेकड्यांची पाटी उचलून
रेघेवरून बाजूला ठेवली.
तिला वाटलं सरकारी मोजणी चाललीय.

गुरुवारी बाई आल्या नाहीत.
कालची रेघ अर्धी पुसलेली,
उरलेली मी चार खेपा मनात पुरी करत राहिलो.
एकदा दोर पाण्यात पडला.

शुक्रवारी ओहोटी.
खांबांवर कालवं उघडी पडलेली,
त्यांच्यावर पाण्यानं ठेवून दिलेले पट्टे,
एकावर एक, सगळे आडवे.
चढ शून्य, समांतर, मीच सांगितलं.
'आणि खांब?'
खांब त्या सगळ्यांना लंब.
बोलून गेलो आणि अडकलो.
बाई, शून्याला कशानं गुणलं
म्हणजे उणे एक येतं?

इंजिन धडधडत होतं.
बाईंनी खडू दुसऱ्या हातात घेतला.
'कशानंच नाही,' म्हणाल्या.
'उभ्या रेषेला चढ नसतो.
शून्य असतो असं नव्हे. नसतोच.
ती आडवी सरकतच नाही, मग भागणार कशानं?
तिथं नियम गप्प बसतो.
काटकोन मात्र असतो. बघ ना.'

मी बघितलं.
सोळा वर्षं त्याच खांबाला दोर बांधत होतो.

मार्चमध्ये पेपरात आलं:
वाय बरोबर दोन एक्स अधिक तीन,
हिला लंब, चार-एक या बिंदूतून जाणारी.
मी लिहिलं, वाय बरोबर उणे एक्स छेद दोन अधिक तीन.
दोघींची गाठ वाय-अक्षावरच पडते, तीनच्या खुणेशी,
हे कुणी विचारलं नव्हतं,
तरी लिहिलं.

एक्केचाळीस मार्क.
बाईंची तोवर काणकोणला बदली झाली होती.
बढतीची फाईल पणजीत आहे. असू दे.

पावसाआधी फेरी रंगवायला काढली
तेव्हा गाड्यांचे तिरके पट्टे मारायला मला सांगितलं.
दोन आडवे, एक उभा, पहिला पट्टा.
बाकीचे त्याला समांतर.
शेवटची रेघ त्यांना आडवी छेदणारी:
एक मागे, दोन वर.
अरे, नजरेनं मार, मुकादम ओरडला,
कोण मोजतंय इथं?

एक छेद दोन गुणिले उणे दोन.
मी ब्रश बुडवला.