मुद्दलाच्या फरश्या

कामोठ्यात, सातव्या मजल्यावर
चारशे ऐंशी कार्पेट.
दोन बाय दोनच्या एकशेवीस फरश्या.
मी मोजल्यात. गिरिधर म्हणाला, हे काय खूळ.
तुर्भ्याला मसाला मार्केटात मिरचीवाल्याच्या वह्या लिहिते मी,
मोजल्याशिवाय घास उतरत नाही.

किंमत बावन्न लाख,
म्हणजे एक फरशी त्रेचाळीस हजारांच्या वर.
बारा लाख पदरचे: त्याचा पीएफ, माझी एफडी,
सासूबाईंची मुदतीआधी उचललेली भिशी.
त्यात स्वयंपाकघर आलं, पॅसेज आला.
बाकी सगळं बँकेचं.
"सोफा त्यांच्या जागेत आहे हं,
जरा जपून बस."

वास्तुशांतीला जो तो विचारी,
"स्वतःचं ना?"
गिरिधर हो म्हणायचा,
मान गरजेपेक्षा जास्त हलवून.

हप्ता चौतीस हजार सातशे तेरा.
पहिल्या महिन्यात त्यातले
अठ्ठावीस हजार तीनशे तेहतीस व्याजाचे,
सहा हजार तीनशे ऐंशी आमचे.
सातव्या महिन्यात खिडकीखालची एक फरशी सुटली.
मैथिली तिच्यावर पाय जुळवून उभी राहिली,
जेवायला हाक मारली तरी उतरेना.

तीन वर्षांत साडेबारा लाख भरले.
मुद्दल हललं दोन लाख साठ हजारांनी.
सहा फरश्या.
मी तीनदा बेरीज केली,
चूक माझीच निघावी म्हणून.

मग एका दुपारी, मिरचीच्या खाटेनं डोळे गळत असताना,
मेसेज:
व्याजदर साडेआठचा साडेनऊ.
आपला हप्ता तोच राहील.
बरं वाटलं.
घरी जाऊन पत्रक उघडेपर्यंत बरंच वाटत होतं.
दोनशे चाळीस हप्ते होते,
दोनशे एकोणऐंशी झाले.
एकोणचाळीस जण आवाज न करता
पंगतीच्या टोकाला येऊन बसलेले,
ना नात्यातले ना गावातले,
आणि वाढायचं मात्र आपणच.

गिरिधर अठ्ठावन्नला निवृत्त होणार.
हप्ता एकसष्टला.

छगनशेठना सांगितलं.
चाळीस घेतले, फिटेपर्यंत जवळजवळ सत्त्याण्णव.
सुंठ चघळत म्हणाले,
"पूर्वी दामदुपट असायची, बेन.
व्याज मुद्दलाच्या डोक्यावर चढायचं नाही.
सावकाराला तेवढी तरी लाज."
मी म्हटलं, सावकार दारात तरी यायचा.
हा पाच तारखेला पहाटे येतो,
आम्ही झोपेत असताना,
आणि कडी वाजवत नाही.

दोन दाढा बसवायला गिरिधरनं पन्नास हजार ठेवले होते.
"चालतंय की डावीकडून," म्हणाला.
मी भांडले. मग गप्प बसले.
मग दोघं मिळून बँकेत गेलो.

काउंटरवरची मुलगी, छातीवर पाटी: ओवी गावंड.
"हप्ता कमी करू की मुदत?"
गिरिधरनं माझ्याकडे बघितलं.
हप्ता कमी झाला असता तर दर महिन्याला
दाढेसाठी चार पैसे सुटले असते, हे त्यालाही कळत होतं.
"मुदत," मी म्हटलं.
तिनं बोट दाबलं
आणि पार तिकडच्या टोकाचे नऊ जण उठून गेले,
दहाव्याचं पान अर्धं.
पन्नास हजारांत सव्वातीन लाखांचं जेवण वाचलं,
असं मी वहीत लिहिलं. मग खोडलं,
कारण एक दात त्या हिशेबात बसेना.

सातवी फरशी सोफ्याखाली येते.
रविवारी सोफा ओढला.
मैथिली आता उभी राहत नाही फरशीवर, मोठी झाली.
वाकून म्हणाली, "ही पण?"
धुळीत तिला एक चमचा सापडला,
बँकेच्या काळात हरवलेला.
गिरिधरनं तो सदऱ्याला पुसला
आणि चहात साखर ढवळायला घेतला.