अय्यरची जर्सी

सोसायटीच्या वहीत वॉचमननं लिहिलं: मिस्टर अय्यर, फ्लॅट अकराशे दोन.
नाव होतं ओयेर. स्पेनचा, डोंगराकडल्या कुठल्याशा गावचा,
बाप दोर वळायच्या कारखान्यात.
तळमजल्याच्या रंगनाथन मामांनी पोंगलचा डबा वर पाठवला,
त्यानं तो खाल्ला, डबा घासून परत केला,
आणि नाव दुरुस्त करायचं राहूनच गेलं.

मी किटवाला. करावे गावचा, मढवी.
तेवीस जर्स्या, तेवीस चड्ड्या, सेहेचाळीस मोजे.
रात्री सामना सुटला की मशीन लागतं
ते खाडीवर उजाडेपर्यंत.
खेळ मी फारसा बघत नाही. मी खेळ धुतो.

गोलीच्या कपड्यांना कुशीवर माती.
फॉरवर्डच्या गुडघ्यांना गवत, आणि ते बहुधा
पडल्याचं नसतं, मिरवल्याचं असतं.
डिफेंडरची बाही उसवलेली, कुणीतरी धरलेली.
आठ नंबर मात्र
बादलीतून काढल्यासारखा.
डाग असा एक नाही,
सगळीकडून सारखाच जड.
पहिला महिनाभर मला प्रश्न, हा माणूस करतो काय?

विचारलं. त्याचं इंग्रजी माझ्याइतकंच, म्हणून जमलं.
म्हणाला, नव्वद मिनिटांत चेंडू माझ्या पायाशी दोन मिनिटं.
उरलेली अठ्ठ्याऐंशी मी दुसऱ्यासाठी जागा करतो.
मी म्हटलं, आमच्या बापाला जागा केल्याबद्दल
साडेबारा टक्के तरी मिळाले.
मग सिडको, भातखाचरं, मिठागर, प्लॉटचा कागद,
समजावता समजावता ड्रायरचे दोन फेरे झाले.
मी हसत सांगत होतो. तो हसला नाही.

त्यानंही हिशेब सांगितला, मोजे जुळवत.
एकोणिसाव्या वर्षी मोठ्या मैदानावर अकरा मिनिटं.
आई बसनं सहा तास आली होती,
ती तेव्हा नेमकी बाथरूमच्या रांगेत.
पुढं उसना. या क्लबातून त्या क्लबात,
शेजारणीला वाटीभर साखर द्यावी तसा,
आणि दर जूनमध्ये परत, नुसती वाटी.
सायप्रसला तीन महिने पगार थकला.
एका थंड देशात गुडघा. देशाचं नाव त्यानं घेतलं नाही.
सोळा वर्षांत गोल नऊ,
एक स्वतःच्याच जाळ्यात, तोही त्यानं धरलेला.
"गोलाआधीचा पास कुणाचा ते लिहितात," म्हणाला,
"त्याच्या आधीचा कुणी लिहीत नाही."

शेवटचा सामना मार्चात, नेरूळचं मैदान अर्धं रिकामं.
धुणं सोडून मी बोगद्याच्या तोंडाशी उभा राहिलो
आणि चेंडू न बघता फक्त आठ नंबर बघितला.
मान सारखी फिरत होती, डावीकडं, उजवीकडं, मागं,
पामबीच रोड ओलांडताना माझी आई करते तशी.
एकदा तो नुसता चार पावलं बाजूला झाला.
दोन माणसं त्याच्यामागं ओढली गेली,
आणि मध्ये एक तुकडा मोकळा पडला,
वाळवण घालण्याइतका.
तिथून मिझोरामचा पोरगा सुसाट निघाला.
गोल. सगळे त्या पोराच्या नावानं ओरडत होते.
मी बघत होतो तो तुकडा,
माणसं येऊन बुजवत होती तो.

साठाव्या मिनिटाला त्याला बाहेर काढलं. गुडघ्यावर बर्फ,
आणि बर्फाचं पाणी माझ्याच टॉवेलवर.

शेवटची जर्सी किटवाल्याला द्यायची, अशी रीत आहे म्हणतात.
त्यानं ती रंगनाथन मामांना दिली.
मला थोडं लागलं. खोटं कशाला बोलू?
माझ्याकडं त्याचा एक मोजा उरला, डावा,
ड्रायरच्या रबरात अडकलेला.

वहीत अजून अय्यरच आहे. वीजबिलही त्याच नावानं येतं.
सामना असला की आता मी दहा मिनिटं बाहेर येतो.
नवा आठ नंबर केरळचा, दमदार, धुवायला डाग भरपूर आणतो.
पोरगा चांगला आहे.
पण उभा असतो, तिथंच उभा असतो.